पन्नाशीनंतर पूर्णवेळ अभिनय: राजीनामा आधी की काम आधी?

कृष्णाकाठ

नमस्कार मंडळी. वय 51, मुक्काम सांगली. राष्ट्रीयीकृत बँकेत 26 वर्षं सेवा झाली आहे. राज्य नाट्य स्पर्धेत हौशी कामं केली आहेत, कॅमेऱ्यासमोर मात्र शून्य. स्वेच्छानिवृत्ती घेऊन पूर्णवेळ अभिनय करायचा विचार आहे. प्रश्न असे:

राजीनामा आधी द्यावा की कामं मिळायला लागल्यावर? या वयात एखादा कोर्स करण्यात अर्थ आहे का? मुंबईत खोली घ्यावीच लागेल का? आणि एका ‘कास्टिंग एजन्सी’ने पोर्टफोलिओ आणि आर्टिस्ट कार्ड मिळून 45 हजार मागितलेत, ते द्यावेत का?

‘स्वप्नांना वय नसतं’ वगैरे ऐकून झालंय. तपशील द्या.

तिसरी घंटा

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी: देऊ नका. एक रुपयाही नाही. बाकीचं नीट लिहितो.

या विषयावर डॉ. श्रीराम लागूंचं उदाहरण हमखास दिलं जातं. कान-नाक-घशाचा सर्जन माणूस, 1969 साली वयाच्या बेचाळिसाव्या वर्षी डॉक्टरकी सोडून पूर्णवेळ रंगभूमीवर आला. हे खरंच आहे, पण लोक त्यातला अर्धाच भाग सांगतात. लागूंनी बेचाळिसाव्या वर्षी अभिनय सुरू केला नाही, डॉक्टरकी थांबवली. त्याआधी पुण्यात पीडीए (प्रोग्रेसिव्ह ड्रामॅटिक असोसिएशन) आणि मुंबईत ‘रंगायन’ या नाट्यसंस्थांमध्ये त्यांची कितीतरी वर्षं तालमीत गेली होती. अमरीश पुरींचंही तसंच. कर्मचारी राज्य विमा महामंडळातली नोकरी सांभाळून ते वर्षानुवर्षं नाटकं करत होते. अशोक सराफ स्टेट बँकेत होते, अमोल पालेकर बँक ऑफ इंडियात. म्हणजे तुमच्या खात्याची परंपरा चांगली आहे. पण यातल्या प्रत्येकाने आधी रियाज केला आणि मग राजीनामा दिला, हे विसरू नका.

त्यामुळे राजीनाम्याची तारीख एकाच गोष्टीवर ठरवा: रजा नाही म्हणून कामं सोडावी लागतायत का? वर्षात एखादं काम गेलं तर रजेचं नियोजन सुधारा. सहा महिन्यांत मानधन ठरलेली तीन-चार कामं केवळ तारखा नाहीत म्हणून हातची गेली, तर अर्ज लिहायला घ्या. ‘ऑडिशनला बोलावतायत’ हा निकष धरू नका. ऑडिशनला सगळ्यांनाच बोलावतात.

तुमच्या 26 वर्षांच्या सेवेत पेन्शनसह स्वेच्छानिवृत्ती बसते (वीस वर्षं लागतात) आणि तीन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. तोवर काम करायचं असेल तर बँकेच्या आचारनियमांकडे बघा. हौशी स्पर्धेतल्या नाटकाला कोणी हरकत घेत नाही. मालिकेत किंवा जाहिरातीत मानधन घेऊन काम करायचं म्हणजे आधी लेखी परवानगी लागते. जाहिरात दुसऱ्या बँकेची किंवा विमा कंपनीची असेल तर विचारूच नका, नकारच येणार. परवानगी न घेता केलेलं काम नेमकं निवृत्तीच्या कागदपत्रांच्या वेळी वर येतं.

कोर्सचं म्हणाल तर राष्ट्रीय नाट्य विद्यालयाला वयाची वरची मर्यादा तिशीची आहे, तो दरवाजा बंद. मुंबई विद्यापीठाची अकॅडमी ऑफ थिएटर आर्ट्स किंवा पुण्याचं ललित कला केंद्र म्हणजे पूर्णवेळ पदवी-पदव्युत्तर शिक्षण, नोकरीसोबत होणार नाही. तुम्हाला उपयोगी पडतील ते पुण्याच्या एफटीआयआयचे (सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटचे) अल्पमुदतीचे स्क्रीन ॲक्टिंगचे वर्ग. काही दिवसांचे किंवा काही आठवड्यांचे असतात, तेवढी रजा निघते. प्रमाणपत्र कास्टिंगवाला बघत नाही. तिथे स्वतःला मॉनिटरवर पाहायला मिळतं आणि चूक कोणीतरी तोंडावर सांगतं, त्याचे पैसे.

कॉलशीट

वरचं मान्य. फक्त ‘मुंबईत खोली’ राहिलं, त्यावर लिहिते.

खोली घेऊ नका, अजून तरी नाही. सांगलीला असण्याचा तुम्हाला फायदा आहे. मराठी मालिकांची चित्रीकरणं आता नुसती गोरेगाव-ठाण्याला होत नाहीत. कोल्हापूर, सातारा, वाई, नाशिक या पट्ट्यात बऱ्याच होतात. युनिट बाहेरगावी असलं की दोन-तीन दिवसांच्या भूमिकांसाठी मुंबईहून माणूस आणणं निर्मात्याला परवडत नाही: प्रवास, राहणं, जेवण सगळं त्याच्याच अंगावर. सरपंच, हेडमास्तर, तलाठी, डॉक्टर, नवरीचा मामा, पोलीस ठाण्यातला साहेब, अशा भूमिका स्थानिक कलाकारांतून भरल्या जातात. कोल्हापुरात स्थानिक कास्टिंग आणि प्रॉडक्शन बघणारी माणसं ठरलेली असतात, आणि तिथल्या नाटकवाल्यांना ती माहीत असतात. कोल्हापूर तुमच्यापासून पन्नासेक किलोमीटर. सकाळी सातचा कॉल (सेटवर हजर व्हायची वेळ) असला तरी घरून निघून पोचाल.

मुंबईचं गणित वेगळं आहे. महालक्ष्मी एक्स्प्रेस रात्री निघून सकाळी सातच्या आसपास मुंबईत पोचवते. सातचा कॉल गोरेगावच्या चित्रनगरीत किंवा घोडबंदरच्या स्टुडिओत असेल तर ती गाडी तुमच्या कामाची नाही, आदल्या दिवशीच पोचायला हवं. म्हणजे एका दिवसाच्या कामाला तीन दिवस आणि दोन रात्रींचा मुक्काम. एका दिवसाच्या मानधनात ते बसत नाही. मुंबईचं काम किमान तीन-चार सलग दिवसांचं असेल किंवा राहण्याची सोय प्रॉडक्शनकडे असेल तरच घ्या, आणि हे बोलणं ‘हो’ म्हणण्याआधी करा. नंतर कोणी ऐकत नाही.

सेटवर काय होतं ते थोडक्यात. शिफ्ट बारा तासांची. सातचा कॉल म्हणजे सातला मेकअपच्या खुर्चीत. सीन आदल्या रात्री मिळाला तर नशीब, पुष्कळदा तासभर आधी फोनवर येतो, कारण एपिसोडची बँक, म्हणजे आधी शूट करून ठेवलेल्या भागांचा साठा, आटलेली असते. (तुमच्या बँकेसारखीच, शिल्लक कमी झाली की सगळे धावतात.) आधी मास्टर शॉट (सगळा सीन एका रुंद फ्रेममध्ये) होतो, मग सजेशन (समोरच्याच्या खांद्यावरून), मग क्लोजअप. नवखा माणूस इथे हमखास दोन चुका करतो. मास्टरला जीव ओतून सगळं संपवतो आणि क्लोजअपला रिकामा होतो. दुसरी म्हणजे कंटिन्युटी. मास्टरमध्ये ‘अहो’ म्हणताना चष्मा काढला, तर प्रत्येक शॉटमध्ये त्याच ‘अहो’वर चष्मा निघायला हवा. म्हणून सुरुवातीला हाताची कामं कमी ठेवा. चहाचा कप तर नकोच. तो कुठल्या शब्दावर उचलला, कितपत भरलेला होता हे सगळं लक्षात ठेवावं लागतं. आणि तुमचा क्लोजअप संपला म्हणून उठून जाऊ नका. समोरच्याच्या क्लोजअपला कॅमेऱ्यामागे उभं राहून क्यू देणं (ज्यावर त्याला बोलायचंय ते आपलं वाक्य म्हणणं) हाही कामाचाच भाग आहे. नव्या माणसाबद्दलचं मत तिथेच तयार होतं.

वयाची एक अडचण असते ती मोठ्या हुद्द्यावरून आलेल्यांना जड जाते. सहायक दिग्दर्शक पंचविशीचा असतो आणि ‘काका, मार्क (उभं राहायची ठरलेली जागा) चुकला, परत’ एवढंच म्हणतो. त्यावर ‘सॉरी, घेऊ परत’ एवढंच उत्तर. का चुकला ते समजावून सांगायला लागलात की पुढच्या वेळी फोन येत नाही.

फोकस पुलर

सेल्फ-टेपवर, म्हणजे घरीच शूट करून पाठवायच्या ऑडिशनवर, कोणीच लिहिलं नाही! आज निवड होते ती त्यावरच. मुंबईत आरामनगरात कास्टिंगची ऑफिसं पालथी घालायचे दिवस सरले.

पोर्टफोलिओचे 45 हजार सोडा, घरातल्या फोनवर पाच फोटो काढा: समोरून चेहरा, कंबरेपर्यंत, पूर्ण उंची, डावी बाजू, उजवी बाजू. खिडकीतला उजेड तोंडावर, मागे कोरी भिंत, साधा एकरंगी शर्ट. ब्यूटी फिल्टर बंद. सुरकुती पुसलेला एकावन्न वर्षांचा माणूस कोणालाच नको असतो, वडील-मामांच्या भूमिकेला सुरकुतीच हवी असते. दर तीन महिन्यांनी फोटो नवे काढा. विरळ केस, पोट, चष्मा, जे असेल ते दिसू द्या, नाहीतर लुक टेस्टला तुम्ही पोचता आणि फोटोतला माणूस पोचतच नाही.

टेप करताना फोन आडवा ठेवा (उभा मागितला असेल तरच उभा), स्टँडवर, डोळ्यांच्या उंचीला. पुस्तकांच्या ढिगावर ठेवला तरी चालतो, फक्त खालून वर बघणारा नको. फ्रेम छातीपासून डोक्याच्या जरा वरपर्यंत. आधी ओळख: नाव, वय, उंची, गाव, भाषा, कुठल्या तारखा मोकळ्या. मग दोन्ही बाजू. जाहिरातीसाठी हातही दाखवायला सांगतात, पुढून-मागून. ओळख आणि सीन यांच्या वेगळ्या फाइल करा. समोरचे संवाद वाचणारा माणूस फोनच्या अगदी शेजारी उभा करा, म्हणजे तुमची नजर लेन्सच्या जवळ राहते, आणि त्याला हळू आवाजात वाचायला सांगा. फोनच्या जवळ तो असल्यामुळे पुष्कळ टेपमध्ये वहिनींचाच आवाज खणखणीत येतो आणि उमेदवार विहिरीतून बोलल्यासारखा. व्हॉट्सॲपवर पाठवताना व्हिडिओ म्हणून न पाठवता डॉक्युमेंट म्हणून पाठवा, नाहीतर चित्र चुरगळतं.

आता मुख्य गोष्ट. रंगमंचावरून आलेल्या माणसाचा टेप पहिल्या दहा सेकंदांत ओळखू येतो. एक साधा तुकडा घेऊ. तुम्ही डॉक्टर आहात, समोर पेशंटचा मुलगा:

‘बसा. रिपोर्ट आलेत. (थांबून) तुमच्याबरोबर अजून कोणी आलंय का?’

राज्य नाट्यवाला ‘बसा’ला हात पुढे करतो, ‘रिपोर्ट आलेत’ शेवटच्या रांगेपर्यंत पोचवतो, मग थांबण्याच्या जागी मान खाली, सुस्कारा, आणि प्रश्न जड आवाजात. म्हणजे वाईट बातमी तीनदा सांगून झाली. कॅमेऱ्याला एवढं नको असतं. ‘बसा’ रोजच्यासारखंच म्हणा, दिवसातून चाळीस वेळा म्हणणारा माणूस म्हणेल तसं. ‘रिपोर्ट आलेत’ म्हणताना नजर कागदावर. थांबा घ्यायचा म्हणून घेऊ नका, कागदावरची एक ओळ खरोखर वाचा, तेवढा वेळ पुरतो. मग मान वर करून प्रश्न साध्या सुरात विचारा, जणू खुर्ची आणखी एक मागवायची आहे. बातमी प्रेक्षकाला त्या प्रश्नातूनच कळते. आवाज एक टेबल ओलांडेल इतकाच, कारण सेटवर माइक शर्टच्या आत लावलेला असतो.

हाच तुकडा रोज तीनदा टेप करा. पहिल्यांदा आवाज चालू ठेवून बघा, मग आवाज बंद करून बघा. आवाज बंद असताना भुवया नाचताना दिसल्या तर त्या तिथेच पकडा. हौशी नटाच्या भुवया हा एक स्वतंत्र विषय आहे.

हिंदी जाहिरातींसाठीही टेप पाठवणार असाल तर च-ज-झ तपासून घ्या. ‘जादू’तला ज आणि ‘चमचा’तला च आपण दाताजवळून काढतो, हिंदीत ते टाळूवरून निघतात. ‘झाड़ू’ला आपलं ‘झाड’ डोकावतं. मराठी गृहस्थाचीच भूमिका असेल तर उलट हेच हवं असतं, म्हणून आधी विचारा.

हिशेबनीस

पैशाचं बघू. बँकेतल्या माणसाला काय सांगायचं म्हणा, पण पगार आणि मानधन यांचा स्वभावच वेगळा आहे.

मालिकांचं मानधन साधारण 90 दिवसांनी येतं. फेब्रुवारीत दहा दिवस काम केलंत, महिनाअखेरीला बिल दिलंत, तर पैसे मेच्या शेवटी. मधल्या मार्च-एप्रिल-मेमधला प्रवास, जेवण, कपडे तुमच्या खिशातून. त्यातून 10 टक्के टीडीएस कापून येतो. म्हणून घरखर्चाचे किमान 18 महिन्यांचे पैसे बाजूला हवेत, आणि त्यात मुलांचं शिक्षण किंवा कर्जाचा हप्ता धरायचा नाही, त्याची तरतूद वेगळी. ग्रॅच्युइटी आणि रजेचे पैसे म्हणजे हे 18 महिने असं समजू नका. ती म्हातारपणाची पुंजी आहे.

राजीनाम्याआधी आरोग्यविमा स्वतःच्या नावावर घ्या. नोकरीतलं संरक्षण निवृत्तीनंतर कोणत्या अटींवर चालू राहतं ते लेखी घ्या. वैयक्तिक पॉलिसीत आधीच्या आजारांसाठी 36 महिन्यांपर्यंत प्रतीक्षाकाळ असू शकतो. रक्तदाब-मधुमेह असेल तर पॉलिसी आजच घ्या, म्हणजे नोकरी असतानाच तो काळ सरतो.

ज्या वर्षी पगार आणि मानधन दोन्ही असेल त्या वर्षी आयटीआर-1 चालत नाही. प्रवास, मेकअप, कपडे, फोन यांची बिलं फाइल करून ठेवा.

करारात पुढच्या गोष्टी शोधा. महिन्याला किमान किती दिवसांची हमी आहे का? पैसे किती दिवसांत? डबिंग मानधनात धरलंय की वेगळं? इतर वाहिनीवर काम करायला मनाई आहे का? दहा दिवसांचं काम देऊन तीसही दिवस बांधून ठेवणारं कलम असतं, ते वाचल्याशिवाय सही नको. जाहिरातीत रक्कम नुसती दिवसाची नसते, वापराची असते: किती काळ, टीव्ही की डिजिटल की होर्डिंगही, भारतभर की एका राज्यात. ‘कायमस्वरूपी, सर्व माध्यमांत’ असं लिहिलेलं असेल तर एका दिवसाच्या पैशात चेहरा विकला असं समजा. त्या काळात त्याच प्रकारच्या दुसऱ्या मालाची जाहिरातही मिळत नाही.

‘आर्टिस्ट कार्ड’बद्दल: सिंटा ही कलाकारांची संघटना 1958 पासून मुंबईत आहे. सभासदत्व थेट तिच्याकडूनच घ्यायचं, मध्ये एजंट लागत नाही. आणि पहिली ऑडिशन द्यायला कुठलंही कार्ड लागत नाही. रजिस्ट्रेशन, कॉस्च्युम डिपॉझिट, वर्कशॉप सक्तीचं, भूमिका पक्की फक्त टोकन भरा, या सगळ्या एकाच झाडाच्या फांद्या. खऱ्या कास्टिंगवाल्याला पैसे निर्माता देतो. शंका आली तर निर्मितीसंस्थेच्या ऑफिसला स्वतः फोन लावा, एजंटने दिलेल्या नंबरवर नाही.

तिसरी घंटा

हिशेबनीस, 18 महिने जरा जास्तच घाबरवणारे वाटतात. पेन्शन आहे ना त्यांना.

हिशेबनीस

पेन्शन आहे म्हणूनच 18. नसती तर राजीनामाच देऊ नका म्हटलं असतं.

कृष्णाकाठ

खूप आभार, सगळ्यांचेच. एजन्सीला नाही म्हणून कळवतो. अजून दोन शंका. केसांना कलप लावतो, तो बंद करावा का? आणि पाठांतर: नाटकाला महिनाभर तालीम असते, तेव्हा अडचण येत नाही. तासाभरात दोन पानं कशी होणार?

कॉलशीट

कलप बंद करा, पण काम नसताना. अर्धे काळे-अर्धे पांढरे हा मधला काळ दोन-तीन महिने चालतो, त्यात कुठलाच लुक धड लागत नाही. पूर्ण पांढरे झाल्यावर नवे फोटो काढा. पांढऱ्याचे काळे मेकअपदादा दहा मिनिटांत करतात. काळ्याचे पांढरे केलेले क्लोजअपला पावडर मारल्यासारखे दिसतात. मिशी असेल तर ठेवा, पण काम सुरू झाल्यावर न विचारता कापू नका. न्हाव्याकडे गेलात तरी आधी सहायक दिग्दर्शकाला फोन. कथेतल्या एकाच दिवसाचं शूटिंग दोन आठवडे चालू असू शकतं.

पाठांतरात आपली वाक्यं घोकायची नाटकवाल्यांची सवय इथे नडते. आधी समोरच्याच्या प्रत्येक वाक्याचे शेवटचे दोन शब्द पाठ करा, क्यू पक्का झाला की आपलं वाक्य ओढलं जातं. मग समोरचे संवाद फोनवर रेकॉर्ड करा, आपल्या वाक्यांच्या जागा मोकळ्या सोडा, आणि मेकअप चालू असताना कानाला लावून त्या जागा मनात भरा. नाव, आकडा, गाव, नातं हे शब्द सीनच्या कागदावर अधोरेखित करा. अडखळायला होतं ते तिथेच. बाकीच्या वाक्यात एखादा शब्द इकडेतिकडे झाला तर दिग्दर्शक चालवून घेतो, पण वाक्याचा शेवट बदलू नका, कारण तो समोरच्याचा क्यू आहे.

सराव घरी करता येतो. अनोळखी दोन पानं घ्या, पन्नास मिनिटांचा गजर लावा, गजर वाजला की टेप सुरू करा आणि अडखळलात तरी न थांबता शेवटपर्यंत जा. आठवड्यातून तीनदा, रात्रीच्या जेवणानंतर, दमलेले असताना. सेटवर सीन येतो तेव्हा अंगातला उत्साह साधारण तेवढाच उरलेला असतो.